लसणीच्या वासाचा मेंदाको

इरिसे, ८ नोव्हेंबर १९७३

चि. चिझुरूस आशीर्वाद.

तुला एक आजी आहे. नाव योने, वय अठ्ठ्याहत्तर, दात नऊ. सुरुगाच्या उपसागराकाठी इरिसे गावात राहते. ओळख पटली का? ओबोनला, पितरांच्या सणाला, येते म्हणाली होतीस. घराण्यातले मेलेले सगळे वेळेवर येऊन, जेवून, परत गेले. जिवंत असलेली एक नात तेवढी विसरली.

तुझी आई लिहिते आहे, मी बोलते आहे. बोलते तसंच लिही म्हणून तिला बजावलंय, कारण ती माझं बोलणं धुऊन, इस्त्री करून कागदावर ठेवते.

तर तीन महिन्यांनी तुझं पत्र आलं. त्यात माझी कंबर नाही, तुझ्या बापाचा गुडघा नाही. काय आहे? ‘आजी, बाबांच्या जाळ्यात मेंदाको आला तर माझ्यासाठी ठेव.’ शी! फुमी, तो ‘शी’ मोठा लिही.

अगं, बाकीच्यांच्या नाती ऑक्टोपस मागतात, तर निदान खायचा मागतात. मेंदाको हा काय ऑक्टोपस आहे? समुद्राने नाक शिंकरून टाकावं तसा तो लिबलिबीत गोळा. पाण्यातून वर आला की बसकण मारतो, पायांमध्ये सगळी कातडी पसरलेली, डोक्यावर दोन पर कानांसारखे फडफडतात, आणि डोळे असे की जणू आपणच त्याचं काही वाईट केलंय. साठ वर्षं मी धक्क्यावर मासळी निवडली. मेंदाको हाताला लागला की पायाने पाण्यात ढकलायचा, आणि चहाच्या चोथ्याने हात घासल्याशिवाय घरात पाऊल टाकायचं नाही. तुझ्या आजोबांनी लग्नाच्या पहिल्या वर्षी चोथा न लावता माझ्या गालाला हात लावला होता. सहा दिवस मी माहेरी होते.

आणि आत्ता जाळ्यात येतो तो, रोगणाच्या वासाचा, त्यातल्या त्यात बरा म्हणायचा. थंडीत समुद्रतळाच्या पायरीच्या खडकाखालून जो निघतो, सडक्या लसणीवर रॉकेल ओतल्यासारखा, त्याच्यापुढे हा म्हणजे अत्तर.

मुलीच्या जातीने चार वर्षं विद्यापीठात काढून हे मागावं? इकडे बर्फाच्या कारखान्याचे ओत्सुबो परवा पुन्हा विचारून गेले. त्यांचा थोरला अजून थांबलाय. त्याच्या हाताला कसलाच वास येत नाही. बर्फाला कुठे वास असतो!

आजी

*

टोकियो, २० नोव्हेंबर

ती. आजीस सा. न. वि. वि.

ओबोनबद्दल कान पकडते. ‘शी’ पोचला. आईने तो खरंच मोठा काढलाय.

पण आजी, ही गंमत नाही. आमच्या प्रयोगशाळेत एक जुनी बरणी आहे, त्यात मेंदाकोचा एकच तुटका पाय आहे. पायांना चोखणाऱ्या बारीक वाट्या असतात, त्या तू पाहिल्याच असशील. या पायावर तोंडाजवळच्या सहा-सात वाट्या वाटाण्याएवढ्या मोठ्या आहेत. पुस्तकातल्या मेंदाकोच्या नराला तशा नसतात. माझं म्हणणं असं, की सुरुगाच्या तळाशी मेंदाको दोन जातींचे आहेत आणि दुसरा अजून कुणी नीट पाहिलेलाच नाही. कुरामोची सर म्हणतात, एकच जात आहे, तो पाय सुजलेला आहे, आणि माझी कल्पनाशक्तीही सुजलेली आहे. सगळे हसले. प्रयोगशाळेत मी एकटीच मुलगी, त्यामुळे हसायला सोपं जातं.

माझी नेमणूक मार्चअखेर संपते. तोवर अखंड नर हाती आला तर राहीन. नाही आला, तर सामान बांधून इरिसेला, आणि मग तुमचा तो बिनवासाचा बर्फवाला. आजी, मला ते नको आहे. मला हे काम हवं आहे. इतकं दुसरं काहीच कधी हवंसं वाटलं नाही.

सोबत स्पिरिटचा डबा पाठवते. मोठ्या वाट्यांचा मेंदाको मिळाला तर हलकेच धुऊन डब्यात घालायचा, एवढंच.

तुझी चिझुरू

*

इरिसे, १६ जानेवारी १९७४

चि. चिझुरूस आशीर्वाद.

घे बाई, पाठवला तुझा नवरदेव.

तेलाच्या टंचाईमुळे बोट आठवड्यातून दोनदाच निघते. तिकडे म्हणे बायका संडासाच्या कागदासाठी रांगा लावून भांडतात. टीव्हीवर पाहिलं आणि मेंदाको विसरून हसले. दहा तारखेला तुझ्या बापाने पोत्यात गुंडाळून एक आणला. लसणीचा! तोंडापाशी वाटाणे होते, मी मोजले, सात. पोतं अंगणात ठेवलं तर शेजारचं मांजर भिंतीवरून उलटं फिरलं. खेकड्याच्या कवटीवर रंगवलेला राक्षस आपल्या दारावर टांगलाय ना, भुताखेतांना भिववायला? तोसुद्धा त्या दिवशी भ्यालेला दिसला.

पण माझ्या घरातून टोकियोला जिन्नस जायचा तो असा घाणेरडा कसा जाईल? तुझे साहेब म्हणतील, हिच्या घरच्यांना धुणं माहीत नाही. नाकाला फडकं बांधलं आणि बसले. नवीन वर्षाच्या पाहुण्यांसाठी ऑक्टोपस करतो तसा केला: दोन मुठी मीठ लावून चोळला, बुळबुळ निघाली, पुन्हा मीठ, पुन्हा चोळला, डोकं उलटं करून आतली घाण काढली, मग मऊ पडावा म्हणून मुळ्याने चेपला. अर्धा तास. मध्ये दोनदा उठून संडासाकडे जावं लागलं, ते कशासाठी ते फुमी लिहायला तयार नाही. शेवटी पांढरा स्वच्छ झाला. वास पुष्कळ गेला. मग तुझ्या डब्यात घातला.

आता लग्नाचं बोल.

आजी

*

टोकियो, २४ जानेवारी

आजी,

डबा पोचला. झाकण सरांनीच उघडलं. आत काय होतं सांगू? पांढरी चिंधी. वाट्या सोलून गेलेल्या, पायांवरचे केसांसारखे तंतू नाहीत, डोकं उलटं, आणि आतडं, ज्याच्यावरून जात ठरते, ते तू काढून फेकलंस. सर म्हणाले, “इरिसेहून लोणचं आलंय, कुणी भात आणा.” सगळा वर्ग हसला. मी पण हसले, काय करणार.

हलकेच धू असं लिहिलं होतं मी. हलकेच. साठ वर्षं समुद्राचं खाणाऱ्या बाईला हलकेच म्हणजे काय ते कळत नाही, यावर माझा विश्वास बसत नाही. तुला मी परत यायला हवी आहे. प्रत्येक पत्रात तो बर्फवाला असतो. खरं सांग, तू हे मुद्दाम केलंस का?

चिझुरू

*

इरिसे, १२ फेब्रुवारी

चिझुरू,

उत्तराला उशीर झाला. फुमीने तुझं पत्र वाचून दाखवल्यावर मी तीन दिवस बोलले नाही. तुझा बाप इतका घाबरला की त्याने वैद्य आणला.

मुद्दाम केलं का म्हणतेस. ऐक. मला तू घरी हवी आहेस, हे खरं आहे. रोज संध्याकाळी बस येते तेव्हा मी फाटकाशी का उभी असते असं तुझी आई विचारते, मी म्हणते वारा घ्यायला. पण मला ती वस्तू नासवायची असती, तर पायाने पाण्यात ढकलली असती, जशी साठ वर्षं ढकलली. नासवण्यासाठी कुणी नाकाला फडकं बांधून अर्धा तास मिठाने चोळत बसत नाही. इतकी घाण मी फक्त तुझ्या आजोबांच्या शेवटच्या आजारात काढली आहे. तेव्हाही कुणी मला विचारलं नाही की हे मुद्दाम करतेस का.

धुऊ नको म्हणायचं होतं तर तसं म्हणायचं. धू म्हटलं की बाई धुणार. हलकेच धुवायला ते काय बाळ आहे?

आणि तू म्हणतेस दुसरा कुणी पाहिलेला नाही. तुमच्या शाळेत कुणाला नाक आहे का? पहिल्याच पत्रात मी सांगितलं, एक रोगणाचा आणि एक लसणीचा. गावातल्या कुठल्याही म्हातारीला विचार. रोगणाचा बाराही महिने, गाळातून येतो, त्याच्या वाट्या तांदळासारख्या, नर काय आणि मादी काय. लसणीचा फक्त कडक थंडीत, पायरीच्या खडकाखालून. कान आखूड, रंग काळपट, आणि नराच्या तोंडापाशी वाटाणे. तू हे विचारलं कधी? तू फक्त स्पिरिटचा डबा पाठवलास.

आजी

*

टोकियो, १८ फेब्रुवारी

आजी, माझी आजी,

तुझं पत्र चार वेळा वाचलं, पाचव्यांदा रडू आलं म्हणून ठेवून दिलं. जानेवारीत जे लिहिलं ते फाडून टाक. मी तुझ्या पाया पडते.

पहिल्या पत्रातली ती ओळ मी वाचली होती, आणि गंमत म्हणून पुढे गेले. इथे आम्ही भिंगातून वाट्या मोजतो. वास कुणी लिहून ठेवला नाही, कारण इथे पोचेपर्यंत सगळे स्पिरिटमध्ये असतात. तू सांगतेस ते खरं असेल, तर नुसता नर नको. दोन्ही हवेत, शेजारी शेजारी: रोगणाचे काही, लसणीचे काही, कुठल्या दिवशी कुठून आले त्याच्या चिठ्ठीसकट. थंडी महिनाभर उरली आहे, माझी नेमणूक सहा आठवडे.

दोन रिकामे डबे पाठवते; वास टिकायला हवा, म्हणून स्पिरिट नको, बर्फ घाल. आजी, धुऊ नकोस. पुसूसुद्धा नकोस. जसा येईल तसा. घाणेरडाच पाठव.

चिझुरू

*

इरिसे, ९ मार्च

चि. चिझुरू,

हे मी, तुझी आई, माझ्या मनाने लिहिते आहे. सासूबाई हमामखान्यात गेल्या आहेत. दिवसातून दोनदा जातात हल्ली, कातडं निघेल म्हणून भीती वाटते. त्यांना कळलं तर म्हणतील, मी बोलले नाही ते पाठवलंस कसं. पण त्या हे कधीच सांगणार नाहीत, म्हणून.

तुझं पत्र आलं त्याच संध्याकाळी त्यांनी तुझ्या बाबांना समोर बसवलं. “कान्सुके, आजपासून एकही मेंदाको समुद्रात टाकायचा नाही. सगळे आणायचे.” बाबा म्हणाले, “आई, खलाशी पळून जातील. आणि बोटीची देवी कोपेल, ती घाण तिच्यासमोर ठेवून.” तर म्हणतात, “देवी बाई आहे ना? मग घाण उपसायची तिला सवय असेल.”

बोटीवर बाईने पाय ठेवायचा नाही, नाहीतर स्वतःच गेल्या असत्या. बाबांनी बादली मागे दोराने बांधली. वारा फिरला की खलाशांच्या जेवणाच्या डब्यात वास. त्यांच्यातला गेंता धक्क्यावर येऊन हात जोडून म्हणाला, “आजी, तीन दिवस भात घशाखाली उतरत नाही हो.” त्यावर, “बरंय की, पोट सुटलंच होतं तुझं. बायको मला दुवा देईल.”

बोट आली की सासूबाई धक्क्यावर उकिडव्या बसतात. तो वारा, ते वय. बादलीतला एकेक दोन्ही हातांनी उचलतात, नाकाशी नेतात, डोळे मिटतात. “रोगण.” पाण्यात. “रोगण.” पाण्यात. चार चांगले तेवढे ठेवले. बाकीच्या बायका दूर उभ्या राहून हसायच्या. मागच्या आठवड्यात हसणंही थांबलं. पाच तारखेला त्यांनी एक उचलला, नाकाशी नेला. म्हणाल्या, “हाच.” बाजूला वळल्या, सकाळचं सगळं ओकल्या, बाहीने तोंड पुसलं, आणि म्हणाल्या, “फुमी, डबा. आणि बादलीत अजून दोन आहेत, मला इथून कळतंय.”

तीन लसणीचे. दोन नर, एक मादी. घरी येईपर्यंत डबा त्यांनी छातीशी धरला होता, मला देईनात. ओट्यावर ठेवला तेव्हा सवयीने हात मिठाच्या बरणीकडे गेला. मग दोन्ही हात मांडीखाली दाबून बसून राहिल्या. म्हणाल्या, “आयुष्यात पहिल्यांदा माझ्या घरातून न धुतलेली वस्तू बाहेर जाते आहे. लोक मला काय म्हणतील?” शेवटी डबा बाहेरून तीनदा धुतला.

डबे काल पाठवले. चिठ्ठ्या मी लिहिल्या आहेत, सासूबाईंनी सांगितल्या तशा. मांजर अजून आलेलं नाही.

तुझी आई

*

टोकियो, २७ मार्च

ती. आजीस आणि आईस सा. न. वि. वि.

दोन्ही डबे सुखरूप. लसणीच्या डब्याचं झाकण मी सरांनाच उघडायला दिलं. ते खिडकीपर्यंत मागे गेले, खिडकी उघडली, आणि बराच वेळ बाहेर डोकं काढून उभे राहिले. मग म्हणाले, “रोगणाचा आणा.” तोही हुंगला. परत लसणीचा. माणूस कसाही असो, आजी, त्या दिवशी त्याने अकरा वेळा हुंगला. नंतर दोन आठवडे आम्ही वाट्या मोजल्या, आतडी उघडली, कानांसारखे पर मापले. काल त्यांनी सगळ्यांसमोर सांगितलं: जाती दोन आहेत. मी चुकलो. पाय सुजलेला नव्हता.

माझी नेमणूक तीन वर्षांनी वाढली. लोणच्यावर हसणाऱ्यांपैकी एकाने मला चहा आणून दिला.

म्हणजे मी परत येणार नाही, आजी. हे लिहिताना तुझी ती संध्याकाळची बस डोळ्यांसमोर येते. पण ओबोनला येईन, या वेळी नक्की.

आणखी एक. नवी जात जगाला सांगायची तर तिला नाव द्यावं लागतं. तो मान मला मिळाला आहे. मला तुझं नाव द्यायचं आहे. पुस्तकात छापलं जाईल आणि शंभर वर्षांनीसुद्धा लोक ते वाचतील. चालेल ना?

तुझी चिझुरू

*

इरिसे, ४ एप्रिल

चि. चिझुरूस आशीर्वाद.

मी तुझं काय वाईट केलं होतं?

साठ वर्षं मी ज्या वस्तूपासून हात राखला, जिच्यामुळे मला ओकारी आली ती सगळ्या धक्क्याने पाहिली, तिला माझं नाव? शंभर वर्षं लोक वाचणार, म्हणजे शंभर वर्षं नाक धरणार! वर्गात कुणी तरी झाकण उघडेल आणि म्हणेल, “अरे देवा, योने आली.” आणि त्या रोगणवाल्याचं पुस्तकातलं नाव काय म्हणून तुझ्या आईने विचारलं होतं, तर तू कळवलंस, त्याचा अर्थ ‘सपाट’. त्याला नुसतं सपाट म्हणून सोडून दिलं, आणि ही घाण तेवढी माझ्या वाट्याला.

माझ्या सासूचं नाव दे. कुरा. तिला शोभेल. नाहीतर तुझ्या साहेबाचं दे.

हे सगळं काल लिहून झालं होतं. फुमी पाकीट बंद करत होती, तेव्हा मी तिला म्हटलं, माझं नाव कागदावर दिसतं तरी कसं, दाखव. तिने काढलं. बरीच मोठी अक्षरं काढली, मला दिसावीत म्हणून. अठ्ठ्याहत्तर वर्षं लोक मला ज्या नावाने हाका मारतात, शिव्या देतात, ते इतकंसं आहे हे मला ठाऊक नव्हतं. दोन फराटे इकडे, दोन तिकडे. मी म्हटलं, संपलं? ती म्हणाली, संपलं. मग मी तो कागद माझ्या पेटीत ठेवला. पेटी उघडलीच होती म्हणून ठेवला, दुसरं काही नाही.

दे. एवढंसं नाव, त्या लिबलिबीत अंगावर कुठेही मावेल. पण पुस्तकात हेही लिही की ते पहिल्यांदा हुंगलं कुणी. नुसतं नाव पाहून लोकांना वाटेल मी त्याच्यासारखी दिसत होते.

आज सकाळी ओत्सुबोंच्या घरी मी स्वतः गेले. त्यांची बायको चहा ओतत म्हणाली, “मग, कधी येते आमची सून?” मी म्हटलं, येत नाही. तिला काम आहे. कसलं काम म्हणून विचारलं, तर सांगितलं. तोंडावर हात धरून म्हणाली, “इश्श, असलं घाणेरडं?” मी म्हटलं, हो, असलंच, आणि सबंध जपानात ते तिच्याइतकं कुणाला येत नाही. चहा तसाच ठेवून उठले. एरवी मी चहा टाकत नाही.

बस अजूनही त्याच वेळी येते. मी वारा घ्यायला जात असते.

तब्येत बरी आहे. फक्त फेब्रुवारीपासून समुद्राचं काहीच घशाखाली उतरत नाही. परवा फुमीने माझ्या आवडीचा मासा भाजला, तर पहिल्या घासाला लसूण आणि रॉकेल. मीठसुद्धा संशयाने बघते. तेव्हा मातीत उगवलेलं काही तरी पाठव. अडुकीच्या दाण्यांची ती गोड लाल वडी, स्टेशनजवळच्या दुकानातली, जाड कापाची, चहापूड घातलेली नको. दोन डबे. आणि तू स्वतः बांधू नकोस, हातही लावू नकोस, तुझे हात कशात असतात ते मला माहीत आहे. दुकानदाराकडूनच बांधून घे.